निरोपाचा मजकूर

काकू : तो खुर्चीवरचा पुस्तकांचा गठ्ठा खाली ठेव आणि बस. जमिनीवर ठेवलास तरी चालेल, आता त्याला कुणी हात लावत नाही. सर गच्चीवर गेलेत, टाकीचा पाइप फुटलाय. ते इमारतीचे सेक्रेटरी झालेत, सांगितलं ना मी फोनवर?

वकील : मला वाटलं तुम्ही थट्टा करताय.

काकू : थट्टा कसली? जन्मभर देशांनी एकमेकांशी कसं वागावं ते शिकवलं, आता दुसऱ्या मजल्यावाल्याने चौथ्या मजल्यावाल्याच्या जागेत गाडी लावू नये, इथवर आलेत. ऐकत इथेही कुणी नाही. पण निदान त्यात कुणी मरत नाही, असं म्हणतात.

वकील : व्याख्यानं बंदच केली का?

काकू : सगळंच. विद्यापीठाने बोलावलं, नाही म्हणाले. बाहेरच्या देशांतून परिषदांची आमंत्रणं येतात, ती वाचतसुद्धा नाहीत. तुझाही फोन मी उचलला म्हणून. तू वर्गात भांडायचीस ती वकील ना?

वकील : तीच. कोर्टाची पायरी कधी चढले नाही, पण सरांनी ठेवलेलं नाव चिकटलं ते चिकटलंच. ऑफिसातही आता वकीलच म्हणतात.

काकू : अजून संरक्षण खात्यातच आहेस?

वकील : हो. लढाईचे नियम बघणारी शाखा आहे, तिथे.

काकू : म्हणजे त्यांच्याकडून आलीस. काहीतरी मागायला.

वकील : हो, काकू.

काकू : आडवळण घेतलं नाहीस, बरं वाटलं. मग ते खाली यायच्या आत माझं ऐक. तू त्यांना विचारशील, सर, सगळं का सोडलंत? ते म्हणतील वय झालं. वयाबियाचं काही नाही. पाइप चढून जातात वर.

वकील : चौकशी समितीचं मला माहीत आहे. साक्षीला मीच त्यांना आत घेऊन गेले होते.

काकू : समितीनंतरही ते शिकवत होतेच. खचले नव्हते. ते पुढचं आहे. तुला मुळापासून सांगायला हवं, नाहीतर तुला वाटेल म्हातारा हट्टाला पेटलाय. आमचं लग्न ठरलं तेव्हा वडिलांनी विचारलं, मुलगा काय करतो? मी म्हटलं, युद्ध झालंच तर ते नीतीने कसं करावं, ते शिकवतो. वडील म्हणाले, फी कोण देतं, राजे? वडिलांचं काही चुकलं नव्हतं. सुरुवातीची कितीतरी वर्षं कुणी विचारलं नाही ह्यांना. एकदा मी व्याख्यानाला गेले, तर मी धरून नऊ माणसं, त्यातली दोघं पुढच्या कार्यक्रमाची जागा धरून बसलेली. घरी येताना हे मला म्हणतात, बरे होते ना लोक?

वकील : वर्गात ती गोष्ट सांगायचे ते. तेव्हा श्रोते सात होते.

काकू : स्वतःला कमीच धरतात. तर मग नदीकाठच्या गावाचं ते प्रकरण झालं. आपल्या तोफांनी झोपेतलं गाव उडवलं, जगभर बोंब झाली, आणि खात्याला कुठून तरी आठवलं की असा एक माणूस आहे, जो वीस वर्षं सांगतोय, मारण्याआधी निदान सांगा तरी. बोलावलं. नियम करायला बसवलेल्या समितीत एक कर्नल होता, त्याने ह्यांचं पुस्तक खरोखर वाचलेलं. आणि झाला तो नियम.

वकील : वस्तीवर गोळे टाकण्याआधी लोकांना निरोप द्यायचा. निघायला वेळ द्यायचा. बाहेर पडायचा एक रस्ता उघडा ठेवायचा. आम्ही पाठ करायचो, काकू. सरांचा नियम म्हणून.

काकू : निरोपाचा मजकूर ह्यांनीच लिहिलेला, ते पाठ केलं होतंस?

वकील : ते माहीत नव्हतं.

काकू : ह्या टेबलाशी बसून लिहिला. मी भाजी निवडत होते समोर. ह्यांचं म्हणणं, ती माणसं आपली शत्रू नाहीत, त्यांच्याशी मानाने बोललं पाहिजे, त्यांच्या भाषेत बोललं पाहिजे. 'आदरणीय नागरिकहो, आपल्या वस्तीत लवकरच कारवाई होणार आहे. आपण कृपया पुलाच्या रस्त्याने सुरक्षित स्थळी जावे. आपल्याला होणाऱ्या त्रासाबद्दल आम्हाला खेद आहे.' हे 'दुःख' म्हणत होते. मी म्हटलं, खेद म्हणा, दुःख जास्त होतं. खेद माझा.

वकील : तो अजून तसाच जातो, काकू. एक शब्दही बदललेला नाही. फोनवर येतो, बाईचा आवाज आहे. छान आवाज आहे.

काकू : ठाऊक आहे. ऐकलाय मी. पुढचं ऐक. आत्ताची लढाई सुरू झाली, पलीकडचं शहर पाडलं, आणि टीव्हीवर तुमचा प्रवक्ता म्हणाला, निरोप दिला होता, वेळ दिला होता, रस्ता उघडा होता, जे थांबले ते स्वतःच्या मर्जीने थांबले. हे ताडकन उठले. मर्जीने? असं म्हणाले नुसतं. मग तुमची ती चौकशी.

वकील : तिथे मी होते. सरांना तीनच प्रश्न विचारले. निरोप गेला का, वेळ दिला का, रस्ता कागदोपत्री उघडा होता का. हो किंवा नाही म्हणा, म्हणाले. सर पुढे बोलायला लागले तर अध्यक्ष म्हणाले, आपण नियमाचे जाणकार आहात, घटनेचे नाही. आणि अहवालात आलं की नियमाच्या खुद्द कर्त्याने पालनाला दुजोरा दिला.

काकू : तरी शिकवत राहिले. म्हणायचे, नियमात भोक आहे, ते बुजवू. मग एका व्याख्यानाला ती बाई आली. त्या शहरात तिचं औषधांचं दुकान होतं. आता इथे कुणाच्या तरी गॅरेजमध्ये बहिणीच्या मुलांना घेऊन राहते. प्रश्न विचारला नाही, भांडली नाही, सगळे गेल्यावर थांबून राहिली. ह्यांनी तिला घरी आणलं, चहा घेऊ म्हणाले. तू बसलीस ना, तिथेच बसली. आणि चहाचा कप हातात धरून तिने तो निरोप म्हणून दाखवला. सबंध. शेवटच्या खेदापर्यंत.

वकील : तिला माहीत होतं, तो सरांनी लिहिलाय?

काकू : नाही ना. तिथेच तर सगळं आलं. तिची आई अंथरुणाला खिळलेली नव्हती, काही नव्हतं. चांगली हिंडती-फिरती बाई. निरोप आला तेव्हा सगळ्यांनी एकत्र ऐकला. आणि आई म्हणाली, इतक्या अदबीने बोलणारी माणसं आहेत. असली माणसं म्हातारीच्या घरावर गोळे टाकत नाहीत. तू मुलांना घेऊन पुढे हो, मी घर आवरून येते उद्या. हिने हात धरून ओढलं. आई म्हणाली, ऐकलंस ना, आदरणीय म्हणतायत.

वकील : आणि उद्या?

काकू : उद्या कुठला आला? ती एवढंच म्हणाली की माझी आई शाळेत शिक्षिका होती, चांगल्या भाषेला भुलायची. ह्यांनी तिला सांगितलं, तो मजकूर माझा आहे. मी म्हटलं आता ही कप फेकणार. ती म्हणाली, छान लिहिलाय. टोमणा नव्हता गं तो. खरंच म्हणाली. हे तिला बसपर्यंत सोडून आले आणि मला म्हणाले, त्या म्हातारीचं चुकलं कुठे, सांग. म्हणाले, सगळ्यांनी नियम पाळला. तिनेसुद्धा नीट ऐकून घेतलं. आणि ती मेली. त्यानंतर वर्गात गेले नाहीत. आले बघ. चपलांचा आवाज येतोय.

सर : वकीलसाहेब. हात गंजाने भरलेत, नमस्कार लांबूनच घ्या. पाइप माझं ऐकत नाही, प्लंबरला बोलवावं लागणार. हिने सगळं सांगितलेलं दिसतं, तोंडावरून कळतंय.

वकील : सांगितलं, सर.

सर : मग माझं काम कमी झालं. आता तुझं सांग. खातं माझी विचारपूस करायला कुणाला पाठवत नाही. काय खोडायचं ठरलंय?

वकील : रस्ता. तिसरा भाग. सेनापतींचं म्हणणं, उघड्या रस्त्याने लोकांबरोबर बंदूकवालेही निसटतात. निरोप ठेवा, वेळ ठेवा, रस्त्याची सक्ती काढा. सोमवारी बैठक आहे. बाहेरचा एक तज्ज्ञ बसवावा लागतो, म्हणून मी तुमचं नाव सुचवलं. नियम तुमच्या नावाने ओळखला जातो. तुम्ही समोर बसलात तर खोडायला त्यांना लाज तरी वाटेल.

सर : एवढी वर्षं शास्त्र केलं ते शेवटी लाजेवर आलं. आणि लाज नाही वाटली तर? तर ते लिहितील की ज्येष्ठ अभ्यासकांशी चर्चा करून खोडलं.

वकील : लिहितील.

सर : हे तुला माहीत आहे, आणि तरी आलीस.

वकील : दुसरं कुणी सुचलं नाही. सर, पहिल्याच तासाला तुम्ही सांगितलं होतंत, बाहेर ओरडणारे पुष्कळ असतात, आत एक तरी माणूस हवा. त्या वाक्यावर मी ही नोकरी धरली. एक-दोनदा उपयोगही झाला. एका दवाखान्यावरची, इथे गोळे टाकू नका अशी खूण मी नकाशात परत घालायला लावली होती. आता मात्र मला कळत नाही की मी आत आहे, की मी त्यांच्यातलीच झालेय.

सर : मी असं म्हणालो होतो?

वकील : फळ्यावर लिहिलं होतंत.

काकू : घरातही म्हणायचे. नाकारू नका आता.

सर : नाकारत नाही. तेव्हा खरं वाटायचं. रस्ता ते काढणार, वकील. तू आणि मी दोघं रस्त्यात आडवे पडलो तरी काढणार. मी येईन. भांडेन. पण मला आणखी एक गोष्ट हवी आहे, आणि ती ते देतील, कारण त्यांना तिची काही किंमत नाही.

वकील : कुठली?

सर : निरोप बदलायचा. लिहून घेतेस? 'आदरणीय' काढ. 'कृपया' काढ.

काकू : खेदही काढा.

सर : खेद काढ. 'आपण' नको, 'तुम्ही' म्हण. 'तुमच्या वस्तीवर कारवाई होणार आहे...'

काकू : कारवाईला कोण घाबरतंय? पाण्याच्या बिलावरही कारवाई लिहिलेली असते. तोफा म्हणा सरळ.

सर : बरोबर आहे हिचं. लिही. 'आम्ही तुमची वस्ती तोफांनी पाडणार आहोत. घरात राहील तो मरेल. म्हातारी माणसं मागे ठेवू नका. आत्ता निघा.' बस. आणि त्या बाईच्या छान आवाजाऐवजी पुरुषाचा घ्या. घोगरा.

वकील : सर, हे धमकीसारखं आहे.

सर : ते आहेच धमकी. मी तिला सभ्य कपडे घातले होते, म्हणून ती म्हातारी फसली. ह्या शब्दांना ती फसली नसती. हा माझा विषय, वकील. माणसाशी कसं बोलावं. त्यातलं हे शेवटचं संशोधन समज.

काकू : चहा टाकते. बस तू, लगेच उठू नकोस.

(काही आठवडे गेले आहेत. तीच खोली, दुपार.)

काकू : पाणी पी आधी. रडून झालंय की व्हायचंय?

वकील : गाडीत झालं, काकू. सर, तुम्हाला टीव्हीवरून कळण्याआधी मला सांगायचं होतं.

सर : सांग. बैठकीत मी होतोच. रस्ता निघाला, माझे आभार मानले, नवा मजकूर कुणी न वाचता मंजूर झाला. त्यापुढचं मला माहीत नाही.

वकील : नवा निरोप पहिल्यांदा गेला. डोंगराखालच्या वस्तीला. तुम्ही म्हणालात तसा, घोगऱ्या आवाजात. सर, सगळे निघाले. मागे कुणी राहिलं नाही असं आम्हाला वाटलं. दारं उचकटून त्यांवर म्हाताऱ्यांना झोपवून नेलं लोकांनी. तुमचं वाक्य होतं ना, म्हातारी माणसं मागे ठेवू नका.

सर : हो.

वकील : आमच्या खोलीत काही जणांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या, सर. मला वाटलं, झालं, ह्या वेळेस जमलं. मग लोक पुलापाशी पोचले. पूल बंद होता. उघडा ठेवायची सक्ती आता नाही, त्यामुळे नाक्यावर कुणाला तसा हुकूमच नव्हता. मी फोन करत होते. इकडून तिकडे, तिकडून वर. प्रत्येक जण म्हणे, माझ्या अखत्यारीत नाही. लोक उघड्यावर बसून राहिले, परत जायला तयार नाहीत. घरात राहील तो मरेल, असं सांगितलेलं. आणि तिथे थंडी केवढी असते.

काकू : किती वेळ गं?

वकील : पूल उघडेपर्यंत म्हातारे गेले. तान्ही मुलंही गेली. किती, ते आमच्याकडे मोजत नाहीत. थंडीने मेलेला माणूस आमच्या शाखेत येत नाही.

सर : आणि वस्ती? किती पाडली?

वकील : नाही पाडली.

सर : म्हणजे?

वकील : तोफा तिथे नव्हत्याच, सर. दुसऱ्या टोकाला होत्या. निरोप नुसता पाठवून बघितला. मजकूर एवढा चांगला उतरलाय, तर बघू काय होतं, असं कुणीतरी म्हणालं. आता खात्यात सगळे खूश आहेत. एक गोळा खर्च न करता वस्ती रिकामी झाली. पुढच्या महिन्यात सबंध खोऱ्यात हाच निरोप पाठवायचा ठरतंय. तोफा नेल्या तर नेल्या. उद्या मंत्री भाषणात तुमचं नाव घेणार आहेत. माणुसकीचा विचार केल्याबद्दल.

काकू : अहो, बसा. उभे राहू नका. बसा इकडे.

सर : बसतोय. मला एक नीट समजू दे. पहिल्या वेळी ज्यांनी निरोपाच्या अदबीवर भरवसा ठेवला ते मेले. या वेळीही भरवसा ठेवला ते मेले.

वकील : हो.

सर : न ठेवणारं कुणी होतं का?

वकील : एक जोडपं. सैनिक वस्तीत शिरले तेव्हा ते घरात सापडलं. म्हातारा-म्हातारी. चहा पीत बसले होते. काही झालं नाही त्यांना.

काकू : का थांबले ते?

वकील : सैनिकांनी विचारलं. म्हातारा म्हणाला, असं दरडावून बोलणारा खोटाच बोलत असतो.

सर : बरोबर ओळखलं त्याने.

वकील : सर, मी सोडू का हे? मला सांगा. तुम्ही सांगाल ते करेन. राहिले तर पुढचा निरोप माझ्या टेबलावरून जाईल. सोडलं तर तो जाईलच, फक्त मला कळणार नाही.

काकू : सांगा ना तिला. पोरगी विचारतेय.

सर : ऐकलं मी.

काकू : मग?

सर : मला येत नाही. आयुष्यभर हेच शिकवलं, कुणी असं विचारलं तर काय सांगायचं ते. परीक्षेत हाच प्रश्न घालायचो मी. मला येत नाही, पोरी.

वकील : ठीक आहे, सर.

सर : ठीक नाही. पण तसंच आहे. ते जोडपं आता कुठे आहे?

वकील : घरातच. सैनिक निघून गेले, त्यांनी दार लावून घेतलं. वस्तीतली वाचलेली माणसं त्यांच्याकडे बोट दाखवतात आता. शहाणे हे होते, म्हणतात. परत असा निरोप आला तर जागचं हलायचं नाही, असं ठरवलंय सगळ्यांनी.

सर : आणि पुढच्या वेळी खरंच तोफा असल्या तर?

वकील : तेव्हाही हाच निरोप जाईल, सर.